हातात पाटी, तोंडावर मुखवटा

१९९२ सालची गोष्ट. स्थळ, दक्षिण लंडनमधला वर्दळीचा रस्ता. कामाला निघालेली, बाजारहाट करून परतणारी, नुसतीच रेंगाळणारी अशी सर्व तऱ्हेची माणसे येत-जात आहेत. आणि अठ्ठावीस-एकोणतीस वर्षांची एक तरुणी कॅमेरा, कोरे कागद आणि जाड टोकाचे पेन घेऊन त्यांतल्या एकेकाला अडवते आहे. तिला वर्गणी नको, मत नको, सही नको. या क्षणी मनात जे असेल ते कागदावर लिहावे, तो कागद छातीशी धरून उभे राहावे आणि आपला फोटो काढू द्यावा, एवढेच तिचे मागणे!

लंडनचा माणूस अनोळख्याशी बोलताना किती हात राखून असतो ते जगजाहीर आहे. आगगाडीत तासभर समोरासमोर बसून हवेपलीकडे एक शब्द बोलणार नाही. तरीही लोक थांबले आणि लिहिते झाले. एक तरुण उत्तम शिवलेला सूट, टाय आणि चेहऱ्यावर मंद हसू अशा थाटात उभा आहे. पाहताच वाटावे, गड्याची नोकरी पक्की, पगार चांगला, याला काय कमी? त्याच्या कागदावर शब्द आहेत, 'मी अगदी जेरीला आलो आहे.' दुसऱ्या फोटोत गणवेशातला पोलीस. लोकांनी ज्याच्याकडे धाव घ्यायची त्यानेच लिहिले आहे, 'मदत!' चेहराभर गोंदवून घेतलेला एक जण लिहितो की, आपण किंचित वेडे असल्याचे प्रमाणपत्र आपल्याला मिळालेले आहे. ब्रिटनमध्ये तेव्हा मंदीचे दिवस होते, तेव्हा देश यातून निभावणार का, असा प्रश्न कुणी हातात धरला तर त्यात नवल नाही.

या तरुणीचे नाव गिलियन वेअरिंग. जन्म १९६३ चा, बर्मिंगहॅम या कारखान्यांच्या शहरातला. पुढे लंडनला येऊन चेल्सी आणि मग गोल्डस्मिथ्स या विद्यालयांत तिने कलेचे शिक्षण घेतले. त्या पाट्यांच्या मालिकेला तिने जे लांबलचक नाव दिले त्याचा भावार्थ असा: 'तुम्हांला जे म्हणायचे आहे ते म्हणणाऱ्या पाट्या, दुसऱ्या कुणाला तुमच्याकडून जे वदवून घ्यायचे आहे ते म्हणणाऱ्या नव्हेत.' नाव ऐकून दम लागतो खरा. पण पुढल्या तीस वर्षांत या बाईंनी जे जे केले त्याचे बीज या एका वाक्यात आहे.

मथळा कुणी लिहायचा?

माणसाचे चित्र काढायचे म्हणजे काय करायचे, याविषयी आपल्या सर्वांच्या मनात एक ठरीव कल्पना असते. चित्रकार मुख्य, मॉडेल गौण. राजाने पैसे मोजले तर त्याच्या गालावरचे देवीचे व्रण पुसायचे, सावकाराने मोजले तर त्याच्या अंगठीवरचा हिरा चमकवायचा, आणि गरिबाचे चित्र असेल तर त्याला विचारायचेही कारण नाही. कॅमेरा आला तेव्हा वाटले, आता खरे तेच दिसेल. पण फोटोखालचा मथळा कुणी लिहायचा, हा प्रश्न तसाच उरला.

ऑगस्ट झांडर या जर्मन छायाचित्रकाराचे उदाहरण घ्या. मोठा माणूस. विसाव्या शतकातली सगळी माणसे नमुन्यादाखल टिपायची असा त्याने चंग बांधला होता. त्याचा पहिला संग्रह १९२९ साली निघाला. शेतकरी, गवंडी, वकील, भटके, सर्व त्याच्या कॅमेऱ्यासमोर सन्मानाने उभे राहिले. हातात भांडे घेऊन उभा असलेला त्याचा तो गोल डोक्याचा, दांडगा मिठाईवाला एकदा पाहिला की विसरणे कठीण. परंतु त्याच्या खाली शब्द काय, तर 'मिठाईवाला'. तो शब्द झांडरचा. त्या गृहस्थाला विचारले असते तर त्याने काय लिहिले असते? 'माझे गुडघे दुखतात' असे? 'मला गायक व्हायचे होते' असे? कुणी सांगावे! वेअरिंगबाईंनी केलेली क्रांती, क्रांती हा शब्द मोठा वाटत असेल तर चलाखी म्हणा, एवढीच की, मथळ्याची लेखणी त्यांनी फोटोतल्या माणसाच्या हाती दिली.

गंमत अशी की, काही वर्षांनी एका नामांकित मोटार कंपनीच्या जाहिरातीत हुबेहूब तशीच माणसे, तशाच पाट्या धरून अवतरली. मोटार विकण्यासाठी! वेअरिंगबाई संतापल्या आणि संतापणे साहजिकच होते. दुसऱ्याला वदवून घ्यायच्या असलेल्या पाट्या नव्हेत म्हणून जे नाव दिले, त्याचे जाहिरातवाल्यांनी नेमके उलटे करून दाखवले.

फोटोवरून बाई व्हिडिओकडे वळल्या त्याला एक कारण टेलिव्हिजन. १९६४ साली ग्रॅनडा कंपनीने सात वर्षांच्या मुलांना बोलते करणारा 'सेव्हन अप' हा कार्यक्रम दाखवला. १९७४ साली बीबीसीने रेडिंग गावातल्या एका साध्या कुटुंबाच्या घरात कॅमेरा नेऊन ठेवला आणि त्यांचे चहापान, भांडणे सारा देश पाहू लागला. बर्मिंगहॅमच्या या मुलीवर त्या कार्यक्रमांची जी छाप पडली ती त्यांनी स्वतःच पुढे सांगितली आहे. तिच्या पिढीतले इतर कलावंत त्या सुमारास औषधी द्रावात मेलेला शार्क मासा ठेवून खळबळ उडवीत होते. या बाईंना माशात रस नव्हता, शेजारच्या माणसात होता.

जाळीआडची कबुली

१९९४ साली लंडनच्या 'टाइम आउट' साप्ताहिकात त्यांनी एक छोटी जाहिरात दिली. व्हिडिओसमोर सगळे कबूल करा, घाबरू नका, तुम्ही वेषांतरात असाल, कुतूहल वाटत असेल तर गिलियनला फोन करा, अशा अर्थाची. तेच त्या कलाकृतीचे नाव! आता अशा जाहिरातीला कोण शहाणा उत्तर देईल, असे कुणालाही वाटेल. पण माणसे आली. खोट्या दाढ्या, स्वस्त टोप, जत्रेतल्यासारखे रबरी मुखवटे चढवून दहा जण कॅमेऱ्यासमोर बसले आणि वर्षानुवर्षे पोटात ठेवलेले बोलून मोकळे झाले. कुणाची चोरी, कुणाचा सूड, कुणाची बिछान्यातली लाजिरवाणी गोष्ट.

ख्रिस्ती देवळात जाळीआड बसलेल्या पाद्र्यापाशी पापाची कबुली देण्याची चाल आहे. तिथे कबुलीनंतर क्षमा मिळते. इथे क्षमा करणारा कुणी नाही. ऐकणारे आपण, म्हणजे कोण कुठले प्रेक्षक! मग हे लोक बोलले कशासाठी? माझ्या मते त्याचे उत्तर त्या रबरी मुखवट्यात आहे. आपल्याकडे जव्हार-मोखाड्याच्या बोहाड्यात सोंग घेणारा मुखवटा चढवतो तो देव किंवा राक्षस व्हायला, स्वतःपेक्षा मोठे काहीतरी व्हायला. इथे माणूस मुखवटा चढवतो तो स्वतः होण्यासाठी. नोकरी, बायको, शेजारी यांच्यापुढे रोज जो चेहरा घेऊन हिंडावे लागते, तोच खरा मुखवटा होता की काय, अशी शंका ही चित्रफीत पाहताना येऊ लागते. चेहरा झाकला की पाहणाऱ्याचे लक्ष आपोआप डोळ्यांकडे आणि आवाजाकडे जाते. टोप हास्यास्पद, मिशी घसरलेली आणि आवाज मात्र कापरा. हसावे की काय करावे ते कळत नाही.

पुढे २००० साली 'ट्रॉमा' या चित्रफितीत त्यांनी हीच युक्ती अधिक धारदार केली. बालपणी किंवा कोवळ्या वयात झालेल्या आघाताविषयी बोलायला आठ माणसे आली. त्यांना मुखवटे दिले ते कोवळ्या, नितळ चेहऱ्यांचे. म्हणजे आवाज पिकलेल्या माणसाचा, मान सुरकुतलेली आणि चेहरा मात्र त्या वयातला, ज्या वयात ती जखम झाली. मुखवट्याची त्वचा हलत नाही, पण आतले डोळे भरून येतात. हे पाहणे सोपे नाही.

लोकांकडून कबुल्या घेणाऱ्या बाईने स्वतः काय केले, असे कुणी विचारील. तर १९९४ सालीच पेकहॅम भागातल्या एका बाजार-संकुलात त्या एकट्याच, संगीत नसताना, पंचवीस मिनिटे नाचल्या! गाणी डोक्यात वाजत होती तेवढीच. येणारे-जाणारे पिशव्या सावरीत शेजारून निघून जात होते आणि कॅमेरा चालू होता. रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये एक बाई जगाची पर्वा न करता नाचताना त्यांनी पाहिली होती, तिच्यावरून हे सुचले. दुसऱ्या वर्षीची हकीकत याहून बोलकी आहे. वॉलवर्थ रोडवर चेहऱ्याला पट्ट्या गुंडाळलेली एक स्त्री त्यांना दिसली आणि डोळ्यांपुढून हलेना. एखाद्या छायाचित्रकाराने तिचा पाठलाग केला असता. वेअरिंगबाईंनी स्वतःच्याच चेहऱ्याला पट्ट्या गुंडाळल्या, रस्त्यावर फिरल्या आणि लोक कशा नजरेने पाहतात ते चित्रफितीवर घेतले. त्या अनोळखी स्त्रीचा चेहरा आजतागायत कुणाला दिसलेला नाही. तिला काय सोसावे लागत असेल ते मात्र दिसते.

तासाभराचा फोटो

१९९७ सालचे टर्नर पारितोषिक, म्हणजे ब्रिटनमधला कलेचा सर्वांत गाजणारा सन्मान, वेअरिंगबाईंना मिळाला. त्या वर्षी अंतिम यादीतल्या चारही कलावंत स्त्रिया होत्या आणि पारितोषिकाची रक्कम होती २० हजार पौंड. त्या प्रदर्शनात त्यांनी आदल्या वर्षीची जी चित्रफीत ठेवली होती तिची हकीकत जरा सविस्तर सांगण्यासारखी आहे.

दालनात शिरावे तो समोर पोलिसांच्या गणवेशातल्या सव्वीस जणांचा माणसाएवढा मोठा समूह-फोटो. तीन रांगा, पुरुष आणि स्त्रिया, नजर समोर, हात जागच्या जागी. शाळेच्या, कचेरीच्या भिंतीवर असे फोटो आपण शेकड्याने पाहिले आहेत. माणूस एक नजर टाकतो आणि पुढे जातो. पण पुढे जाणार तोच मागच्या रांगेतल्या कुणाची पापणी लवते. पुन्हा पाहावे तर पहिल्या रांगेतला कुणी अंमळ कूस बदलतो. हा फोटो नाहीच! ही चित्रफीत आहे. सव्वीस माणसांना एक तासभर स्थिर, गप्प राहायला सांगितले आहे आणि कॅमेरा तासभर त्यांच्याकडे टक लावून बसला आहे. चित्रफितीचे नावही सरळच, 'साठ मिनिटांचे मौन'.

फोटोग्राफी नवी होती तेव्हा एका फोटोसाठी बराच वेळ स्तब्ध बसावे लागे. मान हलू नये म्हणून मागून लोखंडी चिमट्याचा आधार देत. त्या काळच्या फोटोंतली माणसे इतकी गंभीर दिसतात त्याचे एक कारण हेही आहे. हसू इतका वेळ टिकणार कसे? वेअरिंगबाईंनी ती जुनी शिक्षा हलत्या चित्राच्या यंत्राने पुन्हा दिली. आणि दिली कुणाला, तर जो गणवेश इतरांना 'हलू नका' म्हणून दरडावतो त्या गणवेशाला! पहिली काही मिनिटे रांग पोलादी वाटते. मग नाक खाजवावेसे वाटते, पाय अवघडतो, कुणाची नजर भरकटते, आणि एकेका गणवेशातून एकेक माणूस डोके वर काढू लागतो. कंटाळलेला, अवघडलेला, तुमच्या-आमच्यासारखा. तास भरतो त्या क्षणी त्यांतला एक जण सुटकेची आरोळी ठोकतो. साठ मिनिटे दाबलेले एका आवाजात बाहेर पडते.

पुष्कळ टीकाकारांनी तेव्हा विचारले की, यात कला कुठली? नुसती माणसे उभी केली आणि यंत्र चालू ठेवले! आक्षेप अगदीच टाकाऊ नाही. पण चांगल्या व्यक्तिचित्राकडून आपण जी अपेक्षा करतो, बाहेरच्या पोशाखातून आतला माणूस दिसावा ही, ती इथे पुरी होते की नाही? रेम्ब्रांटला ते रंगाने साधे. इथे ते वेळाने साधले आहे.

आईच्या तोंडी मुलांचे बोल

आपल्याला पार्श्वगायनाची इतकी सवय आहे की, नट ओठ हलवतो आणि गाणे दुसऱ्याच्या गळ्यातून येते यात आपल्याला काही वावगे वाटत नाही. याच साध्या युक्तीने वेअरिंगबाईंनी १९९७ साली साडेचार मिनिटांची एक चित्रफीत केली. एक आई आणि तिचे अकरा वर्षांचे जुळे मुलगे. आधी आईला मुलांविषयी बोलते केले, मुलांना आईविषयी. मग अदलाबदल! पडद्यावर मुलगे बसलेले दिसतात, ओठ त्यांचे हलतात आणि आवाज येतो आईचा. आई दिसते तेव्हा तिच्या तोंडून मुलांचा कोवळा आणि निर्दय आवाज तिचेच मूल्यमापन करीत असतो.

आईच्या बोलण्यात कौतुक आहे आणि घायाळ झाल्याची कबुलीही आहे. मुलांच्या बोलण्यात प्रेम आहे आणि मुलांनाच शक्य असलेला कठोरपणाही आहे. हे वेगवेगळे ऐकले असते तर आपण 'घरोघरी मातीच्या चुली' म्हणून सोडून दिले असते. पण आपल्याविषयी पोरांनी काढलेले उद्गार आईने स्वतः पाठ करून, ओठ जुळवून म्हणायचे! आणि आपल्यापायी आईला काय काय वाटते ते पोरांनी तिच्या शब्दांत उच्चारायचे! भाषणाने किंवा समजुतीने जे होत नाही ते साडेचार मिनिटांत होते. आपण जे आहोत त्यांतले किती आपले आणि किती दुसऱ्याने आपल्याविषयी बोलून बोलून घडवलेले, हा प्रश्न त्या खोलीतून आपल्याबरोबर घरी येतो.

त्याच वर्षी '१० ते १६' नावाची चित्रफीत झाली. दहा ते सोळा वर्षांच्या मुलांचे आवाज, ओठ मात्र मोठ्या माणसांचे, असे सात भाग. झाडावरच्या आपल्या घराविषयी दहा वर्षांचा पोरगा हरखून बोलतो आणि ते शब्द उमटतात एका मध्यमवयीन पुरुषाच्या ओठांवर. पहिल्या क्षणी हसू येते. मग लक्षात येते की, त्या पोक्त माणसाच्या आत तो पोरगा खरेच असणार, आज ना उद्या सर्वांच्याच आत असणार. वय वाढत जाते तसतसे आवाज जड होतात, लाज येते, राग येतो. दहाव्या वर्षीचा हरखलेपणा सोळाव्याला उरत नाही.

आता एक कडू गोष्ट. आपल्या स्टुडिओजवळ रस्त्यावर बसून पिणाऱ्या काही माणसांशी बाईंची ओळख झाली होती. १९९७ ते ९९ या काळात त्यांना स्टुडिओत बोलावून, मागे नुसता पांढरा पडदा लावून, त्यांनी तीन पडद्यांवर दाखवायची एक चित्रफीत केली. तीत ही माणसे झिंगतात, हातघाईवर येतात, पडतात, झोपी जातात. नाव, 'ड्रंक'. रस्ता गेला, इमारती गेल्या, उरली ती फक्त पांढऱ्यावर तोल सावरणारी शरीरे. बाईंचे चाहते याला धैर्य म्हणतात. मला ते तितकेसे पटत नाही. ज्या बाईने मथळ्याची लेखणी लोकांच्या हाती दिली तिनेच इथे मथळा स्वतः लिहिला, आणि तो एका शब्दाचा. शुद्धीत नसलेल्या माणसाची संमती किती धरायची, हाही प्रश्न उरतोच.

पण या प्रकरणाला एक पुरवणी आहे आणि तिच्यासाठी मी त्यांना बरेच काही माफ करीन. त्या पिणाऱ्यांच्या टोळक्यातली एक तरुण स्त्री पुढे वारली. तिची थोडीशी चित्रफीत बाईंपाशी होती. ती त्यांनी मंद गतीने चालवली आणि तिच्यावर आवाज घातला मृत स्त्रीच्या जुळ्या बहिणीचा. बहीण आपल्या गेलेल्या बहिणीविषयी बोलते आहे आणि पडद्यावर जवळजवळ तोच चेहरा हळूहळू वळतो आहे. २००० सालची ही 'प्रिल्यूड'. रस्त्यावरून जाताना ज्या बाईकडे आपण पाहून न पाहिल्यासारखे केले असते, तिचा मथळा अखेर तिच्या रक्ताच्या माणसाने लिहिला.

घरचीच माणसे

२००३ साली वेअरिंगबाईंनी घरचा फोटो-अल्बम उघडला. आई तरुणपणी कशी दिसे, वडील बो टाय लावून कसे ऐटीत बसत, भाऊ उघड्या अंगाने केस विंचरताना, बहीण, मामा-काका. असे फोटो प्रत्येकाच्या घरी असतात आणि पाहुणे आले की निघतात. बाईंनी ठरवले की, या प्रत्येक फोटोत आपणच शिरायचे!

हे काम सोपे नव्हे. मादाम तुसॉंच्या मेणाच्या पुतळ्यांच्या कामात तयार झालेल्या कारागिरांची मदत घेतली. फोटोवरून शिल्प घडवायचे, त्याचा साचा करायचा, सिलिकॉनचा मुखवटा ओतायचा, केस बसवायचे. एकेका चेहऱ्यापाठी महिने गेले. भावाच्या फोटोसाठी तर चेहऱ्याबरोबर पुरुषी धडही अंगावर चढवावे लागले. मग जुन्या फोटोतला उजेड, तोच पडदा, तीच मान वळवण्याची लकब, आणि एक क्लिक. पुढे स्वतःच्या सतराव्या वर्षीचा, नाणे टाकून काढायच्या यंत्रातला फोटो घेतला आणि त्यातही स्वतःच शिरल्या. २००४ साली तर तीन वर्षांच्या पोरीत!

फोटो पाहताना प्रथम काही खटकत नाही. मग डोळ्यांपाशी नजर अडखळते. डोळ्यांभोवती मुखवट्याची कड दिसते. ती मुद्दाम ठेवलेली आहे. आईच्या, बापाच्या, भावाच्या चेहऱ्यातून एकच बाई आपल्याकडे पाहते आहे. तीन वर्षांच्या गोबऱ्या गालांवर चाळिशीतल्या बाईचे डोळे! 'अगदी आईवर गेली आहे हो,' असे आपण किती सहज म्हणतो. त्या वाक्याचा अर्थ किती भयंकर असू शकतो ते या फोटोसमोर उभे राहिल्यावर समजते. आणि हळवाही. आईच्या तरुणपणी आपण नव्हतो; तिच्या त्या वयात शिरून बसण्याची ही एवढी एकच वाट.

यानंतर बाईंनी आपल्या कलेतल्या आप्तांचे मुखवटे चढवले. डायन आर्बस झाल्या, अँडी वॉरहोल झाल्या, आणि ज्याच्या मथळ्यांविषयी वर बोललो तो ऑगस्ट झांडरही झाल्या. खरे सांगायचे तर या मालिकेत मला कारागिरी अधिक आणि ओलावा कमी वाटतो. अपवाद क्लोद काउँ हिचा. ही फ्रेंच लेखिका-छायाचित्रकार १८९४ साली जन्मली. पुरुष, बाहुली, पहिलवान अशी नाना सोंगे घेऊन तिने स्वतःचे फोटो काढून घेतले. जर्सी बेटावर जर्मन सैन्य उतरले तेव्हा तिने आणि तिच्या सखीने सैनिकांत पत्रके पेरली, त्यापायी १९४४ साली मृत्युदंडाची शिक्षा झाली, पण ती अमलात आली नाही आणि जीव वाचला. १९५४ साली ती वारली आणि कित्येक वर्षे विस्मृतीत गेली. २०१२ सालच्या फोटोत वेअरिंगबाई काउँच्या रूपात उभ्या आहेत आणि काउँच्या हातात मुखवटा आहे तो वेअरिंगबाईंच्या चेहऱ्याचा. मुखवटा कोणता आणि चेहरा कोणता, ज्याने त्याने ठरवावे. पुढे २०१७ साली लंडनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीने दोघींचे एकत्र प्रदर्शन भरवले.

२०१८ साली मात्र मुखवट्याची जातच बदलली. 'वेअरिंग, गिलियन' या पाच मिनिटांच्या फिल्मसाठी संगणकाच्या कृत्रिम बुद्धीने बाईंचा चेहरा परक्या माणसांच्या चेहऱ्यांवर बसवला. ना साचा, ना सिलिकॉन, ना महिन्यांची मेहनत. आज हे तंत्र ज्याच्या त्याच्या खिशातल्या फोनवर आले आहे. एखाद्या नटीचे, पुढाऱ्याचे किंवा शेजारच्या मुलीचे तोंड भलत्याच धडावर बसवणारे महाभाग कमी नाहीत. त्या मुलीच्या हाती पाटी द्यायला कुणी थांबत नाही. वेअरिंगबाईंच्या रबरी मुखवट्याला डोळ्यांपाशी कड होती, पाहणाऱ्याला सांगणारी की, हे सोंग आहे. या नव्या मुखवट्याला कडच नाही. म्हणून त्यांची ती जुनी, अवजड, महिनोन्महिने घडवलेली सोंगे आता मला अधिक प्रामाणिक वाटू लागली आहेत.

चौकातली बाई

व्हिडिओच्या या बाईला धातूचे पुतळे कुणी सांगितले असतील, असे वाटेल. पण पुतळेही त्यांच्या नावावर आहेत. एक २०१४ साली बर्मिंगहॅमच्या ग्रंथालयासमोर बसला. 'खरे बर्मिंगहॅमचे कुटुंब' निवडायचे म्हणून नावे मागवली. ३७२ कुटुंबांची नावे आली आणि निवड झाली दोन बहिणींची आणि त्यांच्या दोन मुलांची. दोघीही एकट्याने मुले वाढवणाऱ्या. मग काय विचारता! बाप कुठे आहे, हेच का कुटुंब, म्हणून वादळ उठले. पुतळा कुटुंबाचा आणि त्यात सेनापती नाही, घोडा नाही, नवराही नाही, हे पुष्कळांना जड गेले.

दुसरा पुतळा लंडनच्या पार्लमेंट चौकातला. तिथे चर्चिल, लिंकन, मंडेला आणि २०१५ पासून आपले महात्मा गांधी असे अकरा पुतळे होते, सगळे पुरुषांचे. स्त्रियांच्या मताधिकारासाठी आयुष्य वेचणाऱ्या मिलिसेंट फॉसेट यांचा पुतळा २४ एप्रिल २०१८ रोजी तिथे उभा राहिला. त्या चौकातला स्त्रीचा हा पहिला पुतळा, आणि तो घडवणारीही स्त्री. ब्रिटनमध्ये स्त्रियांना पहिला, अर्धामुर्धा मताधिकार मिळाला त्याला त्या वर्षी शंभर वर्षे झाली होती. फॉसेटबाई पन्नास वर्षांच्या दाखवल्या आहेत, म्हणजे १८९७ साली मताधिकार संघटनांच्या महासंघाचे नेतृत्व त्यांच्याकडे आले त्या वयाच्या. अंगात साधा लांब कोट. तलवार नाही, उगारलेले बोट नाही. दोन्ही हातांत त्यांनी एक फलक धरला आहे आणि त्यावर त्यांचेच शब्द आहेत, घोड्यांच्या शर्यतीत राजाच्या घोड्यासमोर गेलेल्या एमिली डेव्हिसनविषयी लिहिलेले, एकीचे धैर्य दुसरीला साद घालते अशा अर्थाचे. १९९२ सालच्या त्या रस्त्यावरून पाटी इथवर आली ती अशी.

चौथऱ्याभोवती या लढ्यातल्या आणखी ५९ जणांचे चेहरे आणि नावे कोरली आहेत. जवळ जाऊन पाहिले तर त्यांत एक नाव आपल्या ओळखीचे निघते: सोफिया दुलीपसिंग, लाहोरच्या रणजितसिंगांची नात.